बाबा, तिथे कुणी घाई करत नाही

ती. आई-बाबांना,
शि. सा. नमस्कार.

परवा फोनवर बाबा म्हणाले, "आता गाईडच्या मागे पळणं आमच्याच्यानं होत नाही. तू बघून ये, आम्ही फोटोत बघू." तेव्हा मी विषय बदलला, पण ते बोलणं मनातून जाईना. म्हणून शनिवारी लंडनच्या सेंट पॉल्स कॅथीड्रलमध्ये जाऊन आले. एकटीच गेले, पण मनात तुम्हा दोघांना बरोबर घेतलं होतं. जिथे तुम्हाला पोचता येणार नाही तिथे मीही जायचं नाही, आणि जिथे आईला बसावंसं वाटेल तिथे मीही बसायचं, असं ठरवून टाकलं होतं.

मागे गाईडबरोबर केलेल्या त्या सहलीत काय झालं ते मी विसरलेले नाही. बाबा एका शिलालेखापाशी वाचत उभे राहिले आणि झेंडीवाला गाईड मंडळींना घेऊन पुढच्या दालनात पोचला. आई मध्येच उभी, एकदा इकडे बघतेय, एकदा तिकडे. बाबांनी तो लेख अर्धाच सोडला आणि मग दिवसभर एकाही पाटीसमोर थांबले नाहीत. घरातलं जुनं वर्तमानपत्र रद्दीत टाकण्याआधी पुन्हा वाचणारा माणूस पाट्यांकडे न बघता चालतोय, हे मला फार लागलं होतं.

इथे तसं नाही. दारात मोबाइलएवढं एक यंत्र आणि हेडफोन हातात मिळतात. पडद्यावर नकाशा असतो, आपण जिथे उभे आहोत ती जागा निवडली की त्या जागेची हकिगत कानात सुरू होते. थांबवा, मागे न्या, तेच दोनदा ऐका, नको असेल ते सोडून द्या. आई, आवाज कमी-जास्त करता येतो, त्यामुळे तुझ्या डाव्या कानाची अडचण होणार नाही. बोलणं इंग्रजीत असलं तरी सावकाश आहे, आणि कळलं नाही तर पुन्हा ऐकायला कुणाची परवानगी लागत नाही. मी मुख्य दालनातल्या खुर्चीवर बसूनच पहिली वीस मिनिटं ऐकली. कुणी ऊठ म्हणालं नाही.

हकिगत सुरू होते आगीपासून. या टेकडीवर संत पॉलच्या नावाचं चर्च इसवी सन ६०४ पासून आहे, पण आज दिसतं ते १६६६ च्या आगीनंतरचं. पुडिंग लेनमधल्या एका बेकरीत लागलेली आग शहर खात खात इथवर आली. जुन्या इमारतीला तेव्हा दुरुस्तीसाठी लाकडी परांची बांधलेली होती, तिनेच पेट घेतला. छपरावरचं शिसं वितळून रस्त्यांवरून वाहिलं. बाबा, आसपासच्या पुस्तकविक्रेत्यांनी आपला माल सुरक्षित राहील म्हणून इथल्या तळघरात आणून ठेवला होता. तो सगळा जळाला. इथे मी यंत्र थांबवलं. तुम्ही असतात तर तुम्हीही थांबवलं असतंत.

त्या आगीतून वाचलेला एक संगमरवरी पुतळा अजून उभा आहे. जॉन डन हे कवी, आणि इथले मुख्य धर्मगुरूही. कफन गुंडाळून एका कलशावर उभे आहेत. कलशावर आगीचा काळा डाग आजही दिसतो. कानातला आवाज नसता तर मी त्याला साधी धूळ समजून पुढे गेले असते.

नवं कॅथीड्रल बांधलं ख्रिस्तोफर रेन यांनी. ते मूळचे खगोलशास्त्राचे प्राध्यापक. १६७५ साली काम सुरू झालं तेव्हा त्यांचं वय ४२ होतं. त्याच वर्षी त्यांना मुलगा झाला, त्याचंही नाव ख्रिस्तोफर. काम लांबत गेलं, इतकं की १६९७ मध्ये पार्लमेंटने रेन यांचा निम्मा पगार रोखून धरला, तो पुरं काम झाल्यावरच हाती पडला. अखेर १७०८ च्या ऑक्टोबरात घुमटावरच्या दगडी मनोऱ्याचा शेवटचा दगड बसवायची वेळ आली. रेन ७६ वर्षांचे झाले होते. दगड त्यांच्या मुलाने बसवला. कॅथीड्रलच्याच वयाचा, ३३ वर्षांचा मुलगा, वर एवढ्या उंचीवर, बापाच्या वतीने हात लावतोय. मी ते तीनदा ऐकलं. पुढे बराच वेळ दुसरं काही ऐकावंसं वाटलं नाही.

घुमटाखाली खुर्च्या आहेत, तिथे तुम्ही अर्धा तास तरी बसा. मान वर करायला लागते, तेव्हा बाबांनी मानेचा पट्टा आणावा. घुमटाच्या आतल्या बाजूला जेम्स थॉर्नहिल यांनी संत पॉलच्या आयुष्यातले आठ प्रसंग रंगवलेत, नुसत्या करड्या-तपकिरी छटांत, त्यामुळे खालून ते दगडात कोरल्यासारखे वाटतात. आणि खरी गंमत अशी की आतून दिसणारा घुमट आणि शहरातून दिसणारा घुमट हे एक नव्हेतच. आतला विटांचा, बेताच्या उंचीचा. बाहेरचा लाकडाचा, वरून शिशाचा पत्रा. दोघांच्या मध्ये, कुणाला दिसू नये असा, विटांचा एक शंकू आहे. जाडी जेमतेम ४५ सेंटीमीटर, आणि शेंड्यावरच्या सुमारे ८५० टनांच्या मनोऱ्याचा भार तोच पेलतो. बाहेरून शोभा दिसावी, आतून प्रमाण बिघडू नये, आणि वजन भलत्यानेच उचलावं, असा तो हिशेब. बाबा, तुम्ही आयुष्यभर इमारतींचे हिशेब केलेत, तुम्हाला हे माझ्यापेक्षा जास्त कळेल. मला तिथे बसल्याबसल्या तुम्हाला प्रश्न विचारायचे होते आणि तुम्ही शेजारी नव्हता.

घुमटाच्या आत २५७ पायऱ्यांवर कुजबुजीचा सज्जा आहे. सगळ्यात वरच्या सज्जापर्यंत ५२८ पायऱ्या. मी एकही चढले नाही, ठरल्याप्रमाणे. पण आपल्याला त्या सज्जाचं नवल नाही. गोलघुमटात बाबा भिंतीला तोंड लावून हळूच आईचं नाव घेत होते आणि पलीकडे आई लाजून माझा हात धरून उभी होती, ते मला लख्ख आठवतं. इथेही तसंच, आवाज गोल भिंतीला धरून धरून पलीकडे पोचतो. मी आधी वाचून गेले होते, १९२१ मध्ये सी. व्ही. रामन लंडनला आले तेव्हा त्यांनी याच सज्जात आवाजाचे प्रयोग केले होते, आणि पुढे विजापूरच्या गोलघुमटाचाही अभ्यास केला. खाली बसून वरच्या त्या कठड्याकडे बघताना, रामन भिंतीला कान लावून उभे आहेत आणि तुम्ही दोघं विजापुरात, हे सगळं मला एकत्रच दिसत होतं.

आई, तुझ्यासाठी एक खास. घुमटाजवळ सर विल्यम जोन्स यांचा पुतळा आहे. संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन या भाषा एकाच मुळातून फुटल्या असाव्यात, हे १७८६ साली कलकत्त्याच्या व्याख्यानात मांडणारे तेच. तीस वर्षं तू मुलांना "रामः रामौ रामाः" शिकवलंस, तुला त्यांच्यासमोर उभं राहताना काय वाटेल ते मला बघायचं आहे.

बारा वाजले आणि ध्वनिक्षेपकावरून सगळ्यांना जागच्या जागी थांबायची विनंती झाली. इथे दर तासाला छोटी प्रार्थना होते. मी हेडफोन काढले. एक धर्मगुरू व्यासपीठावर चढल्या, दोन-तीन मिनिटं बोलल्या. बोलणं संपलं तरी शेवटचा शब्द वर घुमटात बराच वेळ फिरत राहिला. आजूबाजूला नाना देशांची माणसं, हातात तीच यंत्रं, सगळी स्तब्ध. सकाळपासून कानात माहिती भरत होते, पण त्या जागेचा स्वतःचा आवाज मी तोवर ऐकलाच नव्हता. म्हणून सांगते, मधूनमधून हेडफोन काढून ठेवायचे. आणि पाचच्या सुमाराला संध्याकाळची उपासना असते, तेव्हा गायकवृंद गातो. थकवा नसेल तर त्यासाठी थांबू.

वेदीच्या बाजूला युद्धाची हकिगत आहे. १९४० च्या ऑक्टोबरात एका बॉम्बने वेदीचं नुकसान केलं. त्या काळात स्वयंसेवकांची एक तुकडी रात्ररात्र छपरावर पहारा करायची, त्यांत पेशाने वास्तुविशारद असलेले बरेच जण होते, कारण अंधारात या इमारतीचे जिने आणि पोकळ्या त्यांना समजायच्या. २९ डिसेंबर १९४० च्या रात्री भोवतालचं शहर पेटलेलं असताना एक आगलावा बॉम्ब घुमटाच्या शिशात रुतला. शिसं वितळू लागलं. खाली लाकूड. माणसाला तिथे पोचणं कठीण. आणि मग तो बॉम्ब आपोआप सुटून बाहेरच्या दगडी सज्जावर पडला आणि तिथे विझवता आला. शेजारी एक आजोबा माझ्यासारखेच हेडफोन लावून ऐकत होते, त्यांनी तेवढ्यात वर पाहिलं. मीही पाहिलं. आम्ही एकच वाक्य ऐकत होतो बहुतेक.

तळघरात जायला लिफ्ट आहे, काळजी नको. तिथे नेल्सन आणि वेलिंग्टन यांच्या कबरी आहेत. वेलिंग्टन म्हटल्यावर जगाला वॉटर्लू आठवतं, मला असई आठवली. २३ सप्टेंबर १८०३, शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या फौजांसमोर उभा असलेला ३४ वर्षांचा आर्थर वेलस्ली, म्हणजे पुढचा हाच वेलिंग्टन. त्या ग्रॅनाइटच्या प्रचंड कबरीसमोर मला नुसतं कौतुक करवेना. आपली किती माणसं त्या एका दुपारी गेली, त्यांची नावं कुठेही कोरलेली नाहीत. बाबा, तुम्ही मला असईची लढाई नकाशा काढून समजावली होतीत, नदीचा उतार आणि तोफांच्या रांगा. ती इथे, या कबरीशेजारी उभं राहून पुन्हा सांगाल का?

रेन यांची कबर मात्र एका कोपऱ्यात आहे. साधी काळी शिळा, आणि भिंतीवर लॅटिनमध्ये लिहिलेलं. अर्थ असा, की वाचकहो, स्मारक शोधत असाल तर सभोवार बघा. मी बघितलं. मग वर जाऊन पुन्हा एकदा घुमटाखाली बसले.

साडेतीन तास लागले मला, त्यातला निम्मा वेळ बसून. उत्तरेकडच्या दाराला उतार आहे, त्यामुळे पुढच्या मोठ्या पायऱ्या टाळता येतात. चाकांची खुर्ची लागलीच तर आतलं सपाट आहे, आणि ती ढकलायला मी आहे. दोघांना दोन वेगळी यंत्रं घेऊ. आईचं आधी संपलं तर ती बसेल, बाबांचं आधी संपणार नाही हे मला ठाऊक आहे.

व्हिसाचे कागद या आठवड्यात पाठवते. मे महिन्यात इथे ऊन असतं आणि दिवस मोठा असतो, तेव्हा बघा. डॉक्टरांना विचारून तारीख कळवा, तिकिटं मी काढते.

आणि बाबा, त्या सहलीत अर्धा सोडलेला तो शिलालेख कशाबद्दल होता? आठवत असेल तेवढं लिहून पाठवा. उरलेलं मी शोधते.

तुमची लेक