रविवार दुपारचे बारा कुणाला विकले? माहिती व प्रसारण मंत्र्यांना एका इंदूरकराचे खुले पत्र

प्रति,
माननीय माहिती व प्रसारण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

सप्रेम नमस्कार, वि. वि.

मी इंदूरच्या रामबागेत राहणारा, एका धान्य व्यापाऱ्याकडे हिशेब लिहिणारा साधा माणूस आहे. मंत्र्यांना पत्रं लिहायची सवय नाही. आपण कामात असता, देशापुढे मोठे प्रश्न आहेत, हे कळतं. तरी पाच मिनिटं द्यावीत ही नम्र विनंती.

यंदा सुट्टीत आमच्या भागातल्या एका मराठी मंडळाचं स्नेहसंमेलन झालं. प्रसारण क्षेत्रातले एक मोठे अधिकारी पाहुणे म्हणून आले होते. कुठले, कोण, ते लिहीत नाही. त्यांनी व्यासपीठावरून सांगितलं की जुन्या बालमालिका, शक्तिमान, कॅप्टन व्योम वगैरे, साफसूफ करून पहिल्या भागापासून क्रमाने दाखवणार. रविवारी दुपारी बारा वाजता, फुकटच्या टीव्हीवर, आणि मराठी आवाजातसुद्धा. तारीखही सांगितली. टाळ्या पडल्या, शाल-श्रीफळ झालं, साहेब गाडीत बसले.

मी मूर्ख. मी ते खरं मानलं.

गेल्या रविवारी ती तारीख होती. गच्चीवरची डिशची छत्री हलली होती, तिचा नट गंजून बसलेला. सकाळी नऊपासून पाना, रॉकेलची चिंधी आणि हातोडी घेऊन मी उन्हात. खालून मुलगा ओरडतोय, 'आलं... गेलं... आलं!' तळहाताला फोड आले. आमच्या इमारतीतली सात-आठ पोरं हॉलमध्ये गोळा केली, बायकोने सगळ्यांना पोहे केले, वर सेव, जिरावण. बाराला पाच कमी असताना मी त्यांना गंगाधर, म्हणजे शक्तिमानचं दिवसाचं रूप, कोण ते समजावून सांगत होतो.

बारा वाजले. पडद्यावर पांढरा कोट घातलेला एक गृहस्थ आला आणि गुडघेदुखीच्या तेलाची बाटली हलवायला लागला. एक आजीबाई जिना चढून दाखवत होत्या. 'आत्ताच फोन करा.' वाटलं, जाहिरात आहे, संपेल. साडेबारापर्यंत तेलच. मग धनप्राप्तीचं लॉकेट. पोरं एकेक करून उठली. माझा मुलगा शेवटपर्यंत बसला, आणि मग अगदी गंभीरपणे विचारलं, 'बाबा, शक्तिमान तेल विकायचा का?'

एका हेल्पलाइनवर फोन केला. कार्यक्रमाबद्दल माहिती नाही म्हणाले. लेखी तक्रार केली, ती दोन दिवसांत बंद झाली, आणि वर मोबाइलवर संदेश: सेवेबद्दल आपण किती समाधानी आहात, पाचपैकी तारे द्या. आमचं इंदूर स्वच्छतेत वर्षानुवर्षं देशात पहिलं येतं, इथे कचरागाडीसुद्धा गाणं वाजवत वेळेवर येते. तक्रारी झाडून टाकायच्या बाबतीत मात्र दिल्लीने आम्हाला मागे टाकलंय, अभिनंदन.

आपण म्हणाल, एका पोरकट मालिकेसाठी हा माणूस एवढा का चिडलाय. सांगतो.

माझे वडील कापडगिरणीत होते. गिरणी बंद पडली तेव्हा मी बालवाडीतही नव्हतो. पुढे घरात केबल घेण्याइतके पैसे कधीच नव्हते. शेजारी 'केबल' होती, आमच्याकडे चौदा इंची ब्लॅक अँड व्हाइट आणि दूरदर्शन. १३ सप्टेंबर १९९७, शनिवार, त्या दिवशी शक्तिमान सुरू झालं, आणि मला पहिल्यांदाच शेजाऱ्यांच्या खिडकीत उभं राहावं लागलं नाही. मोटार असलेल्याच्या पोराला जे दिसत होतं तेच मला दिसत होतं. त्याचा पोशाख लाल-सोनेरी आहे हे मला दुसऱ्याच्या वहीवरच्या स्टिकरवरून कळलं, ही गोष्ट निराळी.

नंतर आमच्याकडे ते विजेचे दिवस आले. २००० नंतरची दोन-तीन वर्षं मध्य प्रदेशात भारनियमन किती होतं ते आपण कुणालाही विचारा, २००३ ची निवडणूकच त्यावर लढली गेली. पडद्यावर मालिकेतला खलनायक तमराज किल्विष म्हणायचा, 'अंधेरा कायम रहे', आणि खरोखरच लाइट जायची! वडिलांनी एका रिक्षावाल्याकडून जुनी बॅटरी आणली, टीव्ही तिच्यावर लावला. मोहल्ल्यातली पंधरा-वीस पोरं त्या बॅटरीवर शक्तिमान बघायची. मी अंगणात गरागरा फिरून तुळशीवृंदावनावर आपटलो, भुवईवर टाके पडले, खूण आहे अजून. पोरांनी त्याची नक्कल करून उड्या मारल्या, कुणी भाजून घेतलं, अशा बातम्या तेव्हा आल्या होत्या, मालिका बंद करा म्हणून ओरडाही झाला. तो प्रश्न खरा होता. पण खुद्द शक्तिमानच भागाच्या शेवटी उभा राहून मुलांशी बोलायचा, 'छोटी छोटी मगर मोटी बातें'. पोरगं कबूल व्हायचं, 'सॉरी शक्तिमान'. आज आठ वर्षांच्या मुलाच्या हातातल्या मोबाइलवर जे येतं, त्याच्या शेवटी कोण उभं राहतं?

आणि मालिका स्वस्तातली होती, हेही मला ठाऊक आहे. तारा दिसायच्या, स्फोट फटाक्यासारखे. पण महाभारतातले भीष्म, मुकेश खन्ना, इथे शक्तिमान, आणि त्यातलेच द्रोणाचार्य, सुरेंद्र पाल, इथे किल्विष. आई चष्मा पुसत म्हणायची, 'अरे, हे तर आपले द्रोणाचार्य!' कुंडलिनी, सात चक्रं, आणि दिवसा तोच माणूस दात पुढे आलेला, जाड चष्म्याचा, वर्तमानपत्रात फोटो काढणारा पंडित गंगाधर विद्याधर मायाधर ओंकारनाथ शास्त्री. ज्याला सगळे हसतात तोच सगळ्यांना वाचवतो. वर्गात फाटकी चप्पल घालून जाणाऱ्या पोराला ह्याचा अर्थ काय वाटत असेल, ते वातानुकूलित खोलीत कळायचं नाही, महोदय. त्यानंतर कॅप्टन व्योम आला, १९९८ मध्ये, केतन मेहतांचा, अंतराळातले फरार गुन्हेगार पकडणारा आपला मिलिंद सोमण. आमच्या आधीच्या पिढीला ऐंशीच्या दशकात जपानी जायंट रोबोट होता, मनगटावरच्या घड्याळातून हुकूम घेणारा. तिघेही आमच्यापर्यंत पोचले ते दूरदर्शनमुळेच.

आता शक्तिमान गेला कसा, त्याबद्दल. २७ मार्च २००५, रविवारी, शक्तिमान संपलं. आम्हाला वाटायचं प्रेक्षक कमी झाले असतील. मग खुद्द मुकेश खन्नांनी मुलाखतींतून सांगितलं: सुरुवातीला शनिवार-मंगळवारच्या भागासाठी दूरदर्शनला ३ लाख ८० हजार भरावे लागायचे, रविवारी नेल्यावर ७ लाख ८० हजार झाले, मग १० लाख ८० हजार, आणि पुढे १६ लाखांपर्यंत न्यायचा बेत होता. म्हणजे मालिका बनवायचीही त्यांनी, दाखवायला पैसेही त्यांनीच भरायचे! मी हिशेबनीस आहे, रविवारचे बावन्न भाग धरले तर दहा लाख ऐंशी हजारांच्या भावाने वर्षाचे साडेपाच कोटींच्या वर होतात. हिशेब चुकत असेल तर आपल्या लेखाधिकाऱ्यांनी दुरुस्त करावा. आठ वर्षं किल्विषला जे जमलं नाही ते एका दरपत्रकाने करून दाखवलं.

आणि आता तो बाजार केवढा वाढलाय! दूरदर्शनची बिनबिलाची छत्रीसेवा डीडी फ्री डिश, तिच्यावरच्या वाहिन्यांच्या जागा लिलावात जातात, एका वर्षी त्यातून हजार कोटींच्या वर मिळाले. साडेचार कोटींच्या आसपास घरांत ही छत्री आहे असं म्हणतात. ती घरं कुणाची? ज्यांना महिन्याचं बिल परवडत नाही त्यांची. आमच्या गरिबीचे आकडे दाखवून जागा विकायच्या, आणि त्या जागेवर आम्हालाच तेल विकायचं. छान धंदा आहे. केंद्राने २०२३ च्या जानेवारीत प्रसारणाच्या पायाभूत सोयींसाठी २,५३९ कोटींची योजना मंजूर केली, त्यातून आठ लाख छत्र्या फुकट वाटायच्या होत्या. वाटा की. पण त्या छत्रीतून मुलांच्या अंगणात काय पडणार आहे, याचा विचार कुठल्या फायलीत आहे?

कायदा वाचलाय मी. प्रसार भारती कायदा, १९९०. कलम १२ मध्ये दूरदर्शन चालवणाऱ्या ह्या महामंडळाची कर्तव्यं दिली आहेत, त्यांत मुलांच्या हितासाठी विशेष पावलं उचलण्याचं कर्तव्यही आहे. कुठली पावलं? शाळेच्या अभ्यासासाठी वर्गवार वाहिन्या काढल्यात, त्याबद्दल धन्यवाद. पण पोरांनी रविवारीही गणितच बघायचं का?

मला उत्तर काय मिळेल तेही माहीत आहे. 'आमचं ॲप बघा.' नोव्हेंबर २०२४ मध्ये गोव्याला प्रसार भारतीच्या वेव्हज ॲपचं उद्घाटन झालं, जाहिरातीत शक्तिमानचं नाव अगदी पुढे होतं. महोदय, ॲपवर मुलगा एकटा बघतो, अंगठा सरकवत, कानात बोंडं घालून. माझ्या आईला ते उघडता येत नाही. शेजारच्या कामवाल्या बाईंच्या मुलीकडे डेटा संपलेला असतो. बारा वाजता सगळ्या गल्लीतून एकच गाणं ऐकू यायचं, ते ॲपमध्ये कुठे दाबल्यावर येतं? जमिनीवरचे जुने ट्रान्समीटर २०२२ पर्यंत बहुतेक बंद केलेत, तेव्हाही आम्हाला हेच सांगितलं होतं की आता नवं तंत्र येणार.

बरं, लोकांना हवं नाही म्हणाल तर तेही खोटं. टाळेबंदीत, एप्रिल २०२० मध्ये, शक्तिमान पुन्हा लावलंत. त्याच महिन्यात रामायणाच्या एका भागाला ७ कोटी ७० लाख प्रेक्षक मिळाले असं दूरदर्शननेच छाती फुगवून जाहीर केलं. लोक घरात कोंडलेले असले की आमची आठवण येते, लोक मोकळे झाले की जागा लिलावात.

जपानकडे बघा. त्यांचा टीव्हीवरचा महानायक कामेन रायडर १९७१ मध्ये आला, आजही नव्या नव्या अवतारात मुलांसमोर येतोय. ब्रिटनमध्ये बीबीसीने साठच्या दशकातल्या टेपा पुसल्या, डॉक्टर हू मालिकेचे नव्वदहून जास्त भाग गेले, तर तिथले लोक आजतागायत जगभर ते शोधत फिरताहेत. आपल्याकडे शक्तिमानचे नेमके भाग किती, यावरही एकमत नाही. कुणी चारशे म्हणतं, कुणी त्याहून खूप जास्त. ही देशातल्या एका अख्ख्या पिढीची मालिका!

मराठीचं तर बोलायलाच नको. इंदुरात आम्ही होळकरांच्या काळापासून आहोत. शाळेत हिंदी, बाजारात हिंदी, घरात मराठी, आणि आता घरातलीही निम्मी. माझा मुलगा मला 'पापा, मैं आ रिया हूँ' म्हणतो आणि आजीला मराठीत उत्तर देताना अडखळतो. गंगाधरशास्त्री एकदा मराठीत बोलले असते तर त्याने आठवड्यात उचललं असतं, माझ्या शिकवण्याने जे वर्षभरात होत नाही ते. सह्याद्री वाहिनी महाराष्ट्राबाहेरही दिसते, तिथे रविवारी अर्धा तास ठेवायला काय हरकत आहे? पण सीमेपलीकडचे मराठी म्हणजे महाराष्ट्राला परके आणि मध्य प्रदेशाला पाहुणे. मत मागायला मात्र सगळे येतात, गणपतीत मोदक खाऊन जातात.

माझ्या मागण्या दोनच. त्या अधिकाऱ्यांनी जे जाहीर केलं ते कुणाच्या परवानगीने केलं, आणि करार झाला होता की नाही, हे लेखी कळवावं. आणि रविवारी दुपारी बारा ते एक हा तास मुलांसाठी राखून ठेवावा, लिलावाबाहेर, जुन्या मालिका पहिल्या भागापासून क्रमाने, आणि ज्या कुणाला मुलांसाठी नवी मालिका करायची असेल त्याच्याकडून एक पैसा न घेता. हजार कोटींतून एवढं सुटत नसेल तर मग सार्वजनिक प्रसारण हा शब्द पाटीवरून काढा.

वडिलांच्या गिरणीची थकबाकी तीस वर्षांनी मिळाली, तेव्हा वडील नव्हते. चेक घेताना आईने फोटोसाठी हसायचं होतं, ती हसली नाही. आम्हाला वाट बघायची सवय आहे हे सरकारला पक्कं ठाऊक झालंय. म्हणूनच एक तासाच्या मालिकेलाही तुम्ही आम्हाला तसंच तिष्ठत ठेवता. गिरणी असो, वीज असो, की शक्तिमान. आधी व्यासपीठ, मग तारीख, मग तक्रार क्रमांक.

उत्तर मराठीत नाही आलं तरी चालेल, हिंदी येते. नाव मुद्दाम लिहीत नाही, आईच्या पेन्शनची फाईल दुसऱ्या एका सरकारी कार्यालयात अडकली आहे आणि तिथला बाबू वर्तमानपत्र बारकाईने वाचतो.

आपला,
एक दर्शक
रामबाग, इंदूर