सुधारक ओलवेंचे फोटो शाळेत लावा

संपादक महोदय, स.न.वि.वि.

फोटोग्राफीवर लिहिताना आपल्याकडे सूर्यास्त, वाघ आणि लग्नाचे अल्बम यापलीकडे फारसं कोणी जात नाही, म्हणून सुधारक ओलवे यांच्या कामाबद्दल लिहावंसं वाटलं. मूळचे अकोल्याचे, मुंबईत प्रेस फोटोग्राफर म्हणून काम केलेले, २०१६ ला पद्मश्री मिळालेले. मुंबई महापालिकेच्या सफाई कामगारांचे त्यांचे ब्लॅक अँड व्हाईट फोटो मी पहिल्यांदा बघितले तेव्हा पोटात गोळा आला, गटारात छातीपर्यंत उतरलेला माणूस, अंगात ना सूट ना हातात ग्लोव्हज, आणि तरी त्या फोटोत कुठेही 'बिचारा' असा भाव नाही हो. कारण ओलवे एक क्लिक मारून निघून गेले नाहीत, कामावर त्यांच्यासोबत फिरले, घरी गेले, बायका-मुलांचेही फोटो काढले. रंग नाहीत हे मला फार बरोबर वाटतं, नजर कचऱ्यावर न जाता थेट चेहऱ्यावर जाते. कामाठीपुऱ्यातलं, म्हणजे मुंबईच्या वेश्यावस्तीतलं, त्यांचं कामही तसंच.

माझी विनंती एवढीच, की यातले थोडे फोटो तरी मुंबईतल्या प्रत्येक शाळेत मोठे प्रिंट करून लावावेत आणि आपल्या पेपरने त्यासाठी पुढाकार घ्यावा.

एक वाचक, ठाणे