राज्यपालांच्या पत्नीच्या कामाला वाली कोण?

महोदय,

राज्यपाल बदलले की त्यांची राजकीय कारकीर्द, आधीचे राज्य, सरकारशी कसे जमेल याचे अंदाज, सगळे छापून येते. शपथविधीच्या छायाचित्रात त्यांच्या पत्नी पहिल्या रांगेत दिसतात आणि त्यांच्याविषयीची बातमी तिथेच संपते. मी सातारा जिल्ह्यातील एका शासकीय रुग्णालयातून अधिसेविका (मेट्रन) म्हणून निवृत्त झाले. राज्यपालांच्या पत्नीने एखादी गोष्ट मनावर घेतली तर काय होऊ शकते आणि त्या गेल्यावर त्या कामाचे काय होते, हे दोन्ही मी जवळून पाहिले आहे. म्हणून हे पत्र.

महाबळेश्वरला राज्यपालांचे ‘गिरिदर्शन’ हे निवासस्थान आहे. उन्हाळ्यात तिथे मुक्काम पडला की जिल्ह्यातल्या संस्थांच्या भेटी ठरतात. एका वर्षी आमच्याकडे राज्यपालांच्या पत्नी येणार असे कळले. त्या कोण, हे इथे मुद्दाम लिहीत नाही, कारण पुढे जे झाले त्याचा ठपका मला कुणावर ठेवायचा नाही. रुग्णालयाला रंग लागला, कपाटातल्या नव्या चादरी बाहेर निघाल्या. मिनिटांच्या हिशोबाने आखलेला कार्यक्रम हातात आला: आगमन, स्वागत, फळवाटप, प्रस्थान.

फळवाटप झाले, फोटो झाले. मग बाई प्रस्थानाऐवजी बाळंतिणींच्या कक्षात परत शिरल्या आणि एका खाटेच्या कडेला बसल्या. खाटेवरच्या मुलीची सासू पायथ्याशी होती. बाई हिंदीत विचारत होत्या, मी मराठीत सांगत होते. सून इथे आहे, मग तुमचा स्वयंपाक कुठे होतो? सासूबाईंनी खिडकीबाहेर बोट दाखवले. भिंतीमागे तीन दगड, त्यावर काळे पडलेले पातेले, वर काही नाही. आमच्याकडचा पाऊस ज्यांनी पाहिला आहे त्यांना जून ते सप्टेंबर तिथे काय होत असेल हे वेगळे सांगायला नको.

बाई उठून तिथे गेल्या. सोबतच्या परिसहायांनी (एडीसी) घड्याळ पाहिले, पोलीस धावले, पण त्या धुरात उभ्या राहून विचारत होत्या. रात्री किती बायका राहतात? अंघोळ कुठे करतात? न्हाणीला दार आहे का? उत्तरे त्यांनी स्वतःच्या वहीत, स्वतःच्या हाताने लिहून घेतली. आम्ही परिचारिका रोज त्या भिंतीवरून ये-जा करत होतो. आमच्या मागणीपत्रांत औषधे, खाटा, चादरी असायच्या. नातेवाइकांची चूल खर्चाच्या कोणत्या शीर्षाखाली मागायची, हे कुणालाच माहीत नव्हते.

पुढच्या उन्हाळ्याच्या आत निवारा उभा राहिला. पक्के छप्पर, स्वयंपाकाचे ओटे, नळ आणि बायकांसाठी दोन न्हाणीघरे. पैसे राजभवनाचे नव्हते. बाईंनी एका धर्मादाय न्यासाशी बोलणे केले, जिल्हाधिकाऱ्यांना पत्र लिहिले आणि सार्वजनिक बांधकाम खात्याची परवानगी एरवी जितकी रेंगाळते तितकी रेंगाळली नाही. काम झाल्यावर त्यांचे मला पत्र आले, त्यात एकच प्रश्न होता: न्हाणीघराची कडी आतून नीट लागते ना? लागत नव्हती. ती आम्ही बदलून घेतली.

मग त्यांनी दुसरा टप्पा हाती घेतला. जिल्ह्यातल्या इतर ग्रामीण रुग्णालयांत असेच निवारे आणि बाळंतिणींसाठी सौर बंबाचे गरम पाणी. कुठे जागा आहे, कुठे पाणी आहे, कुठे किती नातेवाईक मुक्कामाला असतात याची यादी आम्ही परिचारिकांनी मिळून केली आणि पाठवली. तेवढ्यात राज्यपालांच्या बदलीचा आदेश निघाला.

आम्ही राज्यपालांच्या कार्यालयात विचारणा केली तेव्हा उत्तर आले की या विषयाची नस्ती (फाइल) कार्यालयात नाही. उत्तर खरेच होते. बाईंचा सारा पत्रव्यवहार वैयक्तिक होता. त्याला ना आवक क्रमांक, ना जावक क्रमांक. सामानाबरोबर ती वही आणि ती पत्रे दुसऱ्या राज्यात गेली. नव्या राज्यपालांच्या घरच्यांना असे काही सुरू होते हे कळण्याचा मार्गच नव्हता.

मी नंतर या पदाविषयी वाचत गेले आणि लक्षात आले की पदच नाही. राज्यघटनेत राज्यपालांच्या पत्नीचा किंवा पतीचा उल्लेख नाही. अनुच्छेद १५८ राज्यपालांना विनाभाडे निवासस्थान आणि संसदेने ठरवलेले वेतन-भत्ते देतो. त्यासाठीच्या १९८२ च्या कायद्यात कुटुंबीय येतात ते मोफत वैद्यकीय उपचारांसारख्या सवलतींपुरते. वेतन नाही, कर्तव्य नाही, दप्तर नाही. यात मला वावगे वाटत नाही, कारण कुणाची पत्नी असणे ही नेमणूक नव्हे. पण आपण समाज म्हणून त्यांच्याकडून काम घेतोच. उद्घाटनाला, बक्षीस समारंभाला, महिला मेळाव्याला, अनाथाश्रमाला त्याच हव्या असतात. काम घ्यायचे आणि त्याची नोंद ठेवायची नाही, हे मला पटत नाही.

त्यात राज्यपालांचा मुक्काम किती, याचा भरवसा नाही. अनुच्छेद १५६ प्रमाणे मुदत पाच वर्षांची, पण ती राष्ट्रपतींची मर्जी असेपर्यंत. फेब्रुवारी २०२३ ते सप्टेंबर २०२५ या काळात महाराष्ट्राने रमेश बैस, सी. पी. राधाकृष्णन आणि आचार्य देवव्रत असे तीन राज्यपाल शपथ घेताना पाहिले. मुंबई, पुणे, नागपूर आणि महाबळेश्वर असा चार निवासस्थानांचा संसार. तो कळेपर्यंत, इथली भाषा कानावर रुळेपर्यंत आवराआवर सुरू होते. अशा घरातल्या बाईने दुसऱ्याच्या न्हाणीच्या कडीचा विचार करावा, याचे मला आजही फार मोल वाटते.

या जागेवर बसलेल्या बायका सामान्य नव्हत्या, हेही लोकांना ठाऊक असायला हवे. १९६४ ते १९६९ या काळातले राज्यपाल पी. व्ही. चेरियन यांच्या पत्नी तारा चेरियन या मद्रासच्या महापौर राहिलेल्या होत्या. पती राज्यपाल असतानाच, १९६७ मध्ये, समाजकार्यासाठी त्यांना पद्मभूषण मिळाले. एअर चीफ मार्शल इद्रिस हसन लतीफ १९८२ ते १९८५ राज्यपाल होते. त्यांच्या पत्नी बिल्कीस लतीफ मलबार हिलवरच्या राजभवनातून धारावीत जात आणि त्यांनी तिथल्या वस्तीसाठी संस्था उभी केली. २००९ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. माझ्या मते त्यांच्या शहाणपणाची गोष्ट ही की काम त्यांनी राजभवनाच्या आत ठेवले नाही, त्याला बाहेर स्वतंत्र घर दिले. पतीची मुदत संपली म्हणून ते बंद पडण्याचे कारण उरले नाही.

त्याआधीच्या इंग्रज काळातली एक गोष्ट परिचारिका म्हणून माझ्या मनात घर करून आहे. पुण्याच्या महाविद्यालयाला ज्यांचे नाव आहे त्या गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांच्या पत्नी परळच्या सरकारी निवासस्थानात कॉलऱ्याने गेल्या. पुढे गव्हर्नरांचे बिऱ्हाड परळहून मलबार पॉइंटला हलले आणि परळच्या त्या वास्तूत प्लेगची लस शोधणाऱ्या हाफकिन यांची प्रयोगशाळा आली, आजची हाफकिन संस्था. सर्पदंशाचा रुग्ण आला की फ्रिजमधून हाफकिनच्या सर्पविषावरच्या औषधाची कुपी काढायची, असे मी नोकरीभर केले. पण त्या बाईंनी मुंबईत काय पाहिले, काय केले, हे मला कुठे वाचायला मिळाले नाही. त्यांच्याविषयी सापडतो तो फक्त त्यांचा मृत्यू.

हिमाचल प्रदेशात रेड क्रॉसच्या रुग्णालय कल्याण विभागाचे अध्यक्षपद राज्यपालांच्या पत्नीकडे असते. तिथे व्यक्ती बदलली तरी खुर्ची आणि दप्तर राहते. आपण जसेच्या तसे उचलावे असे माझे म्हणणे नाही. महाराष्ट्रात विजयालक्ष्मी पंडित राज्यपाल झाल्या तेव्हा त्यांचे पती हयात नव्हते, आणि भगतसिंह कोश्यारी अविवाहित. अशा वेळी खुर्ची रिकामी राहणार. शिवाय काम केलेच पाहिजे अशी सक्ती तर मुळीच नको. प्रतिभाताई पाटील २००४ ते २००७ राजस्थानच्या राज्यपाल होत्या. त्यांचे पती देवीसिंह शेखावत हे अमरावतीचे महापौर आणि आमदार राहिलेले, शिक्षण क्षेत्रातले गृहस्थ. जयपूरला त्यांनी रोज कुठे ना कुठे फिती कापाव्यात अशी कुणी अपेक्षा केली असेल असे मला वाटत नाही. तीच मोकळीक राज्यपालांच्या पत्नीलाही हवी. एखादीला आपली वकिली करायची असेल, एखादीला नातवंडांजवळ राहायचे असेल, तर तो तिचा प्रश्न.

माझी मागणी लहान आहे. राज्यपालांच्या कार्यालयातल्या सध्याच्याच एखाद्या अधिकाऱ्याकडे हे काम नेमून द्यावे. राज्यपालांच्या पत्नीने किंवा पतीने भेट दिलेल्या संस्था, तिथे पाहिलेली अडचण, लिहिलेली पत्रे आणि आलेली उत्तरे यांची एक नोंदवही त्याने ठेवावी. ती कार्यालयाची मालमत्ता असावी. राज्यपाल बदलले की नव्या कुटुंबाला ती दाखवावी. त्यांना पुढे न्यायचे असेल तर उत्तम, नसेल तर अपुरी कामे त्या त्या जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी सोपवावीत आणि संबंधित संस्थेला तसे कळवावे.

यावर काहीजण म्हणतील की निवडून न आलेल्या, नेमणूकही नसलेल्या व्यक्तीला सत्ता कशाला. मी सत्ता मागत नाही. मंजुरीचा अधिकार नको, निधी नको, लाल दिवा नको. उलट नोंद ठेवली तर कुणाला कशासाठी पत्र गेले हे कागदावर येईल, आणि माहिती अधिकारात कुणालाही ते पाहता येईल. आज सगळे तोंडी आणि खासगी चालते, त्यात गैरवापराची भीती जास्त.

आपणही एक करावे. राज्यपाल बदलतील तेव्हा मावळत्या राज्यपालांच्या पत्नीने किंवा पतीने जिल्ह्या-जिल्ह्यांत काय सुरू केले होते आणि त्याचे पुढे काय होणार, हे आपल्या बातमीदारांनी विचारावे.

आम्ही केलेल्या रुग्णालयांच्या यादीची प्रत माझ्याकडे आहे. काही ठिकाणी आता नव्या इमारती झाल्या, त्यामुळे ती तपासून घ्यावी लागेल. राज्यपालांच्या कार्यालयाने किंवा जिल्हा प्रशासनाने मागितली तर माझ्याबरोबरच्या निवृत्त परिचारिका आपापल्या तालुक्यात जाऊन ती नव्याने भरून द्यायला तयार आहेत.

आपली,
एक निवृत्त अधिसेविका, जि. सातारा