द्रौपदीच्या तोंडचे वाक्य

‘महाभारत’ मालिकेच्या आठवणी जागवणारा रविवार पुरवणीतील लेख वाचला. राही मासूम रझा यांच्या संवादांचे त्यातील कौतुक रास्तच आहे. मात्र मयसभेत घसरलेल्या दुर्योधनाला द्रौपदी ‘आंधळ्याचा मुलगा आंधळा’ म्हणाली आणि तिथेच युद्धाची ठिणगी पडली, हे लेखातील विधान पटले नाही. भांडारकर प्राच्यविद्या संस्थेने अनेक हस्तलिखिते ताडून १९६६ मध्ये पूर्ण केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीच्या सभापर्वात द्रौपदीच्या तोंडी असे वाक्यच नाही. त्या प्रसंगी हसतात ते भीम, अर्जुन, नकुल आणि सहदेव. द्रौपदी स्त्रियांसह हसली, हे पुढे धृतराष्ट्राजवळ सांगतो तो दुर्योधन, आणि तो काही त्रयस्थ साक्षीदार नव्हे! बी. आर. चोप्रा यांची मालिका १९८८ ते १९९० या काळात घरोघरी पोहोचली आणि पडद्यावरचे ते वाक्य अनेकांना व्यासांचेच वाटू लागले. मालिकाकाराला नाट्यासाठी भर घालण्याची मुभा असते, त्याबद्दल तक्रार नाही. परंतु त्या भरीच्या आधारे द्यूत, वस्त्रहरण आणि अठरा दिवसांच्या संहाराचे खापर एका स्त्रीच्या जिभेवर फोडताना लेखकाने निदान सभापर्व चाळायला हवे होते.

— एक वाचक, सातारा