गाव सुटले की आडनाव लागते

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत कोकणातल्या आडनावांवर आलेला लेख आमच्या घरी सगळ्यांनी वाचला. ज्याच्या आडनावात ज्या गावाचे नाव, तो त्या गावचा मूळ रहिवासी, असे त्यात लिहिले आहे. ते मला पटले नाही. देवगड तालुक्यातल्या जिल्हा परिषद शाळांत माझी सगळी नोकरी झाली. नंतर मुख्याध्यापिका झाल्यावर शाळेचे जनरल रजिस्टर, म्हणजे दाखल झालेल्या प्रत्येक मुलाची नोंदवही, माझ्याच ताब्यात असे. त्या रजिस्टरांत जे दिसले ते लेखातल्या विधानाच्या नेमके उलट आहे, म्हणून हे पत्र.

आचऱ्यात सगळेच आचऱ्याचे. तिथे एखाद्याला आचरेकर म्हणून ओळख कशी पटणार? गावात माणूस ओळखला जातो तो परब, घाडी, गुरव, राऊळ, मेस्त्री म्हणून, नाहीतर वाडीवरून आणि घरावरून. तोच माणूस मालवणात, वेंगुर्ल्यात, मुंबईत जाऊन राहिला की पहिला प्रश्न येतो, "तुमी खंयचे?" म्हणजे कुठले? त्याचे जे उत्तर तो देतो तेच पुढे त्याच्या मुलांचे आडनाव होते. वर्तमानपत्रात 'मुंबईकर' म्हणजे मुंबईत राहणारे, हे खरे. आडनावातला 'कर' मात्र बहुतेक वेळा पूर्वज कुठून निघाले ते सांगतो. खोती किंवा इनाम मिळाले म्हणून गावाचे नाव लागलेली घराणीही आहेत, ती मी नाकारत नाही. पण ती थोडी.

याची खूण आपल्याच भाषेत आहे. जो गाव सोडून गेला नाही, ज्याच्याकडे ग्रामदेवतेचा पहिला मान राहिला, त्याचे आडनाव गावाच्या नावाने होत नाही. तो नुसता 'गावकर'. देवळातल्या कामावरून घाडी आणि गुरव. गाऱ्हाणे घालणारे घाडीगावकर आमच्या जिल्ह्यात पिढ्यान्‌पिढ्या एका जागी राहिलेले सापडतात.

माझे सासरचे आडनाव गोव्यातल्या एका गावावरून आलेले आहे. आमच्या घरातल्या हयात माणसांपैकी कोणी ते गाव पाहिलेले नव्हते. मुलाने गाडी घेतल्यावर आम्ही पहिल्यांदा तिथे गेलो. सिंधुदुर्गात अशी घरे किती तरी आहेत. पेडणेकर, मयेकर, नार्वेकर, माशेलकर, वेर्णेकर ही सगळी गोव्यातली गावे. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी देवळे पाडायला सुरुवात केली तेव्हा माणसे देव घेऊन निघाली. कुशस्थळीचा (आजची कुठ्ठाळी) मंगेश 1560 मध्ये प्रियोळला आला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला गेली. देवांचीच जिथे स्थलांतरे झाली, तिथे माणसांची काय कथा! दीनानाथांनी मंगेशकर हे आडनाव घेतले ते याच मंगेशीवरून. त्यांच्या वडिलांचे आडनाव वेगळे होते.

शिरोडकरांचे तर आणखी विचारून घ्यावे लागते. एक शिरोडा वेंगुर्ले तालुक्यात, जिथे 1930 चा मिठाचा सत्याग्रह झाला, आणि दुसरे गोव्यात फोंड्याकडे. आडनाव एक, मूळ दोन ठिकाणी. सोयरीक जुळवताना जुन्या बायका "खंयचे शिरोडकर?" असे विचारत, ते उगाच नव्हे.

गावाच्या नावाला जात नसते, धर्मही नसतो. अलिबाग, पेण, रोहे या भागातल्या बेने इस्रायल म्हणजे ज्यू लोकांची, ज्यांना शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून तिथे शनिवार तेली म्हणत, आडनावे पाहा: किहीमकर, पेणकर, रोहेकर, चेऊलकर. हिंदी चित्रपटांतले डेव्हिड हे मूळचे डेव्हिड अब्राहम चेऊलकर. यातली बरीच मंडळी पुढे इस्रायलला गेली, तरी त्यांच्या नावात आपला किनारा आहे. कोकणी मुसलमानांतही खोत, दळवी, नाईक आहेत तसे गावावरून आलेले 'कर'ही आहेत. समुद्रावर चालणाऱ्या घरांत तांडेल आणि सारंग ही दोन्ही आडनावे होडी-गलबताच्या म्होरक्याची. ख्रिस्ती घरांत रीत निराळी: फर्नांडिस म्हणजे फर्नांदोचा मुलगा, रॉड्रिग्ज म्हणजे रॉड्रिगोचा. पोर्तुगीजांच्या आडनावाने 'तू कोणाचा' एवढे विचारले, आपल्याने 'तू कुठचा'. फडणीस, चिटणीस, पोतनीस ही दरबारी कामांची फारसी वळणाची आडनावे. वेळासचे भानू फडणीस झाले आणि श्रीवर्धनचे भट पेशवे झाले, हे आपल्या वाचकांना ठाऊकच आहे. त्यावर मी जास्त लिहीत नाही.

लिहायचे आहे ते बायकांविषयी. आमच्या वाडीत सुनेला तिच्या माहेरच्या गावावरून हाक मारत. आचरेकरीण, मुणगेकरीण, मिठबावकरीण. लग्नात तांदळाच्या ताटात नवे नाव लिहून तिचे पहिले नाव बदलले, आडनाव बदलले, पण विहिरीवर आणि शेतात तिची हाक तिच्या गावाची. जी गाव सोडून आली तिला त्या गावाचे नाव, म्हणजे पुरुषांना जो नियम तोच तिलाही. फरक इतकाच की पुरुषाचा 'कर' सातबाऱ्यावर, दाखल्यावर, दुकानाच्या पाटीवर चढला आणि तिची 'करीण' तिच्याबरोबरच गेली. माझ्या सासूबाईंचे रेशन कार्डावरचे नाव मला माहीत आहे. पण शेजारपाजारचे सगळे त्यांना ज्या नावाने ओळखत ते एकाही कागदावर नाही. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नाव लावणे सरकारने बंधनकारक केले, याचा मला मनापासून आनंद आहे. आईचे गावही कुठेतरी लिहिले जावे असे मला वाटते. निदान घरच्या वहीत तरी.

आता रजिस्टराकडे येते. जुने जनरल रजिस्टर म्हणजे लांबट, जाड पुठ्ठ्याची, कापडी पाठीची वही. एका ओळीत एक मूल: नाव, जात, जन्मस्थान, जन्मतारीख अंकी आणि अक्षरी, आधीची शाळा, दाखल तारीख, आणि अगदी उजवीकडे 'शाळा सोडल्याचे कारण'. आमच्या बाजूच्या रजिस्टरांत या शेवटच्या रकान्यात पानोपान एकच शेरा दिसतो: 'मुंबईस गेला'. तिसरी-चौथीतले पोर, काकाकडे परळ-लालबागला.

1982 च्या गिरणी संपानंतर यातली बरीच कुटुंबे गावी परतली. मुले मुंबईच्या शाळांचे दाखले घेऊन आमच्याकडे आली. नियमाप्रमाणे आधीच्या दाखल्यावर असेल तसेच नाव लिहावे लागते. एका घरात आजोबा, वडील, काका सगळे आमच्या रजिस्टरात परब. मुंबईहून आलेला नातू मात्र गावाच्या नावाचा 'कर'. त्याची चुलत बहीण त्याच वर्गात परब. मी आजोबांना बोलावून विचारले. ते म्हणाले, "थंय परब खूप होते. मास्तरान गाव इचारल्यान नि तोच लिवन टाकल्यान." आडनाव जन्माला येते ते असे, आणि ते कागदावर पाहायचे भाग्य मला मिळाले. आज ती दोन घरे स्वतःला दोन वेगळी घराणी समजू लागली आहेत. रजिस्टराची दोन पाने समोर ठेवली तर पाच मिनिटांत उलगडा होईल.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे उदाहरण तर सर्वांसमोर आहे. गाव मंडणगड तालुक्यातले आंबडवे, घराण्याचे आडनाव सकपाळ, वडील फौजेत, जन्म महूला. 7 नोव्हेंबर 1900 रोजी साताऱ्याच्या सरकारी शाळेत, म्हणजे आजच्या प्रतापसिंह हायस्कूलमध्ये, 1914 या क्रमांकावर नोंद झाली ती 'भिवा रामजी आंबेडकर' अशी. त्या शाळेने ते रजिस्टर जिवापाड जपले, आणि त्या एका ओळीमुळे 2017 पासून 7 नोव्हेंबर हा महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. साताऱ्याच्या शाळेने जे केले ते आपल्या प्रत्येक शाळेला करता येण्याजोगे आहे.

पण होते आहे ते वेगळेच. कोकणात पट घसरला आहे. 20 पेक्षा कमी पटाच्या शाळा एकत्र करून समूह शाळा करण्याचे प्रस्ताव 2023 मध्ये मागवले गेले. काही शाळा त्याआधीच बंद पडल्या. अशा एका बंद शाळेची रजिस्टरे मी स्वतः पाहून आले. पत्र्याचे कपाट, त्यात पावसाची ओल, तळाच्या दोन वह्या वाळवीने खाऊन एकमेकींना चिकटलेल्या. वरची वही उघडली तर शाई पसरून नावे पुसट झालेली, जन्मस्थानाचा रकाना तेवढा वाचता येत होता. 2023 मध्येच कुणबी नोंदी शोधायचे काम निघाले तेव्हा जुनी दप्तरे उघडली गेली, मोडी वाचणारे शोधून आणले गेले. जातीच्या दाखल्यासाठी एवढी धावपळ करता आली, तर तीच दप्तरे कायमची टिकवण्यासाठी का करता येऊ नये?

माझी मागणी साधी आहे. जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागाने बंद झालेल्या आणि बंद होऊ घातलेल्या शाळांची जनरल रजिस्टरे आधी तालुक्याच्या ठिकाणी कोरड्या जागी आणावीत आणि पहिल्या पानापासून स्कॅन करावीत. हे काम मे महिन्यात, पाऊस लागायच्या आत व्हावे. हयात माणसांची माहिती खुली करू नये. पण जुनी, तीन पिढ्यांपूर्वीची पाने घरच्यांना मागितल्यावर पाहता यावीत. आणि आपल्या पुरवणीने आडनावांचे अर्थ छापताना वाचकांकडून एवढे मागवावे: आपल्या आडनावातले गाव कोणते, तिथून कोण निघाले, का निघाले, आणि घरातल्या आजीला कोणत्या गावची म्हणून हाक मारत.

देवगड तालुक्यात कोणी हे काम हाती घेत असेल तर जुने अक्षर वाचायला मी येईन. माझ्याबरोबरच्या काही निवृत्त शिक्षिकाही तयार आहेत. माझे नाव-पत्ता आपल्या कार्यालयाकडे दिला आहे.

आपली विश्वासू,
एक निवृत्त मुख्याध्यापिका, ता. देवगड, जि. सिंधुदुर्ग