संन्याशांच्या मुलांचे काय?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

घर सोडून एखाद्या गुरूच्या पंथात गेलेल्या तरुणांवरचा लेख गेल्या रविवारच्या पुरवणीत वाचला. ‘ब्रेनवॉश’ हा शब्द इतक्यांदा आला की शेवटी मोजायचे सोडले. आमच्या बिल्डिंगमधल्या एका मुलीने असेच घर सोडले तेव्हा जिन्यात उभे राहून आम्हीही हाच शब्द वापरत होतो, म्हणून लिहिते.

लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सच्या समाजशास्त्रज्ञ आयलीन बार्कर यांनी कोरियाच्या सन म्युंग मून यांच्या पंथाचा अनेक वर्षे अभ्यास केला. १९७९ साली लंडन परिसरात या पंथाच्या निवासी शिबिरांना हजारावर लोक गेले होते. त्यांतले सुमारे नव्वद टक्के पंथात गेलेच नाहीत, आणि गेलेल्यांपैकी बहुतेक दोन वर्षांत आपणहून बाहेर पडले. मेंदू धुऊन काढता येत असता तर एवढी गळती कशी झाली असती? (पंथाने भरवलेल्या परिषदांना गेल्या म्हणून बार्करबाईंवर टीका झाली. ती रास्त असेलही. आकडे त्याने पुसले जात नाहीत.) १९८८ मध्ये त्यांनी ‘इन्फॉर्म’ ही अशा पंथांविषयी माहिती देणारी संस्था काढली. आईवडिलांना त्यांचे सांगणे एकच: काही झाले तरी बोलणे तोडू नका.

आमच्या शेजारच्या काकांनी, त्या मुलीच्या वडिलांनी, नेमके बोलणेच तोडले. “तू आम्हाला मेलीस,” म्हणाले. सहा वर्षांनी ती बाहेर पडली, पण माहेरी आली नाही. सोबत तिथेच जन्मलेला मुलगा होता. तो आता आठवीत आहे. आजोबांनी त्याला पाहिलेले नाही.

आपल्या लेखात नेमका हा मुलगा नाही. त्याने ना गुरू निवडला, ना घर सोडले. अभ्यासकसुद्धा या मुलांकडे उशिराच वळले. १९६६ मध्ये न्यूयॉर्कला सुरू झालेली हरे कृष्ण चळवळ (इस्कॉन) आधी तरुण, सड्याफटिंग भक्तांची होती. मग लग्ने झाली, मुले झाली. समाजशास्त्रज्ञ बर्क रॉचफर्ड यांनी मांडले आहे की तिथल्या उतरंडीत संन्यासी वर आणि गृहस्थ खाली होते. आईबापांनी रस्त्यावर ग्रंथ विकून पैसा आणायचा आणि चार-पाच वर्षांचे मूल निवासी गुरुकुलात ठेवायचे. मुले सांभाळायचा अनुभव नसलेल्यांच्या हाती ती सोपवली गेली. मारहाण झाली, लैंगिक अत्याचारही झाले. रॉचफर्ड यांचा हा लेख १९९८ मध्ये इस्कॉनच्याच नियतकालिकात छापून आला, हेही सांगायला हवे.

हे पुण्याला परके नाही. १९७४ पासून कोरेगाव पार्कात रजनीशांचा आश्रम. भगव्या कपड्यांतले गोरे आम्ही सायकली थांबवून बघायचो. त्यांच्यात मुलेही होती. टिम गेस्ट हे त्यांपैकी एक. मोठेपणी, २००४ साली, त्यांनी आपल्या आठवणींचे पुस्तक लिहिले. आम्हा पुणेकरांकडे मात्र नुसते चावट किस्से उरले.

आणि आळंदी तर इथून हाकेच्या अंतरावर. विठ्ठलपंत संन्यास टाकून संसारात परतले, तेव्हा ‘संन्याशाची पोरे’ म्हणून हिणवले कोणाला गेले, ते आपल्याकडे शाळकरी पोरही सांगेल.

आश्रमांत, सत्संगी घरांत वाढलेली अशी माणसे आज आपल्या आसपास तिशी-चाळिशीत असतील. विद्यापीठांच्या समाजशास्त्र विभागांनी त्यांना शोधून बोलते करावे, आणि आपण पुरवणीचा पुढचा लेख त्यांच्यावर द्यावा, नावे न छापता.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, पुणे