फणी कोणाच्या हाती

ग्वांगझोऊ,
9 नोव्हेंबर

प्रिय सुनंदा,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र परवा मिळाले आणि तेव्हापासून तीनदा वाचून झाले. रेवाचे लग्न ठरले, मुलगा तिने स्वतः पसंत केला, दोन्ही घरे आनंदात आहेत, हे वाचून डोळे भरून आले. घाणा भरताना मुसळाला सवाष्णींचेच हात लागावेत आणि तू बाजूला बसून फक्त पाहावेस, असे नातलगांनी सुचवल्याचे तू एका ओळीत लिहून पुढे गेलीस. मला मात्र त्या ओळीपुढे जाता आले नाही. त्याचे उत्तर म्हणून, आम्ही ज्यांच्या घरात भाड्याने राहतो त्या बाईंच्या मुलीच्या लग्नाविषयी तुला सविस्तर लिहिते.

दक्षिण चीनमध्ये, विशेषतः या ग्वांगडोंग प्रांतात, लग्नाच्या आदल्या रात्री वधूचे केस विंचरण्याचा विधी असतो. त्याला ‘शांग-थोउ’ म्हणतात, म्हणजे केस वर घेणे. पूर्वी मुलगी पंधरा वर्षांची झाली की तिचे केस वर बांधून त्यात काटा खोवत आणि ती मोठी झाली असे मानत. त्या जुन्या संस्काराचा धागा या विधीत उरला आहे. पंचांग पाहून मुहूर्त काढतात. वर आणि वधू यांचा विधी आपापल्या घरी होतो. पपनसाची पाने घातलेल्या पाण्याने स्नान करून, नवे कपडे घालून वधू खिडकीशी बसते. जवळ लाल मेणबत्त्या, आरसा, कात्री, लाल दोरा आणि मोजपट्टी मांडलेली असते. मग फणी केसांतून वरून खाली, मध्ये न थांबता फिरवायची आणि प्रत्येक वेळी एकेक आशीर्वाद म्हणायचा. पहिली फणी शेवटापर्यंत, म्हणजे संसार अखेरपर्यंत टिको. दुसरीला दोघांचे केस एकत्र पांढरे होवोत. तिसरीला घर लेकरा-नातवंडांनी भरून जावो. पुढचे आशीर्वाद घराघरांत निराळे असतात, पण हे तीन मी ज्यांना ज्यांना विचारले त्या सगळ्यांना पाठ होते. शेवटी केसांत लाल दोरा आणि सुरूसारख्या एका सदाहरित झाडाची लहानशी डहाळी खोवतात आणि सगळे मिळून गोड पाण्यातले तांदळाच्या पिठाचे गोळे खातात.

आता तुझ्या त्या ओळीकडे येते. ही फणी कोणी फिरवावी याचा येथे कडक संकेत आहे. जिचा नवरा हयात आहे आणि जिला मुलेबाळे आहेत अशीच बाई त्यासाठी बोलावतात आणि तिला ‘चांगल्या नशिबाची बाई’ म्हणतात. हे ऐकले तेव्हा मला आपला सवाष्ण हा शब्द आठवला आणि इतक्या दूरच्या देशात तोच दंडक भेटला म्हणून वाईट वाटले. आमच्या घरमालकीणबाईंचे यजमान सहा वर्षांपूर्वी गेले. त्यांच्या मोठ्या जाऊबाई त्या रात्री वेळेवर आल्याही होत्या. पण मुहूर्ताला बाईंनी स्वतः फणी उचलली, जाऊबाईंना शेजारी मेणबत्ती धरायला सांगितले आणि तिन्ही आशीर्वाद स्पष्ट आवाजात म्हटले. दुसऱ्या आशीर्वादाला, एकत्र पांढऱ्या होणाऱ्या केसांचे शब्द उच्चारताना, त्या क्षणभर थांबल्या. मग फणी पुन्हा वरून खाली आली. खोलीत कोणीही काही बोलले नाही.

नंतर त्यांनी मला जे सांगितले ते मी आयुष्यभर विसरणार नाही. त्यांचे माहेर याच प्रांतातल्या शुंदे या गावचे. एकोणिसाव्या शतकापासून तेथे रेशमाचा मोठा व्यवसाय होता आणि धागा काढणाऱ्या मुलींच्या हाती स्वतःचा पैसा येऊ लागला. त्यांतल्या अनेकींनी लग्नच न करण्याचे ठरवले. लग्नात दुसरी कोणी विंचरते ते केस त्यांनी स्वतःच विंचरून वर बांधले, देवीसमोर शपथ घेतली आणि आप्तांना जेवण दिले. त्यांना येथे ‘स्वतःचे केस विंचरणाऱ्या बायका’ असेच म्हणतात. रेशमाचा धंदा 1930 च्या दशकात बसला तेव्हा त्यांतल्या कितीतरी जणी सिंगापूर आणि हाँगकाँगला घरकामासाठी गेल्या आणि तिकडून पैसे पाठवून त्यांनी भावांचे संसार चालवले. अविवाहित बाईने माहेरच्या घरात मरू नये अशी रूढी असल्यामुळे त्यांनी म्हातारपणासाठी मिळून घरेही बांधली. शुंदेमधले तसे एक घर आज संग्रहालय म्हणून जपले आहे. आमच्या बाईंच्या आजीची बहीण त्यांतलीच होती. बाई म्हणाल्या, “तिच्या पैशावर माझी आई शिकली. तिला कोणी वाईट नशिबाची म्हणावे काय? आणि मग मला का म्हणावे?”

लग्नाच्या दिवशी वऱ्हाड आले तेव्हा मैत्रिणींनी दार अडवले आणि लाल पाकिटे हाती पडेपर्यंत नवऱ्या मुलाला आत घेतले नाही. सर्वांत हृद्य होता तो चहाचा विधी. वधूवरांनी गुडघे टेकून वडीलधाऱ्यांना दोन्ही हातांनी पेला द्यायचा आणि वडीलधाऱ्यांनी घोट घेऊन त्यांना लाल पाकीट किंवा सोन्याचा दागिना द्यायचा. पहिला पेला बाईंच्या यजमानांच्या तसबिरीपुढे ठेवला गेला. दुसरा बाईंनी घेतला.

येथल्या सगळ्याच रूढी मला आवडल्या असे नाही. तिसऱ्या दिवशी मुलगी माहेरी येते, आपल्या मांडवपरतणीसारखी, आणि सासरकडून भाजलेले अख्खे डुक्कर येते. पूर्वी ते वधूच्या कौमार्याची ग्वाही म्हणून पाठवत आणि ते आले नाही तर माहेरची मान खाली जाई. आज कोणी तो अर्थ मनात धरत नाही, तरी मला ते पाहवले नाही. 1950 च्या विवाह कायद्याने सक्तीची लग्ने, बालवधू ठेवणे आणि लग्नाच्या निमित्ताने पैसे उकळणे यांवर बंदी आणली. परंतु फणी कोणाच्या हाती असावी, हे घरातल्या माणसांनाच ठरवावे लागते.

एक जुने वचन तुला सांगायचे राहिले. कन्फ्यूशियसच्या परंपरेतल्या ‘ली-जी’ या प्राचीन ग्रंथात म्हटले आहे की मुलगी सासरी गेली की तिच्या घरच्यांनी तीन रात्री दिवे मालवू नयेत, कारण ते वियोगाचा विचार करत असतात; आणि वराच्या घरी तीन दिवस वाद्ये वाजवू नयेत. लग्नाच्या रात्री बाईंच्या घरातला दिवा मी माझ्या खिडकीतून पाहत होते. तो पहाटेपर्यंत जळत होता. रेवा गेल्यानंतरच्या त्या तीन रात्री मी तुझ्याजवळ राहणार आहे.

मी 18 तारखेला पहाटे पुण्याला पोहोचते. नातलगांशी वाद घालत बसू नकोस, ते माझ्यावर सोड. घाण्याला पहिला हात तुझा आणि दुसरा माझा. मुसळाला बांधायला आंब्याची पाने आणि हळकुंडे तेवढी आणून ठेव.

रेवाला अनेक आशीर्वाद.

तुझीच,
वसुधा